त्रिरश्मीवर कोरलेले अकरा पर्वत

नाशिक शहराच्या दक्षिणेला, मुंबई-आग्रा महामार्गालगत पांडवलेण्यांचा डोंगर आहे. तिथल्या तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्याच्या ओसरीत, मागच्या भिंतीवर, अकरा ओळींचा एक लेख कोरलेला आहे. लिपी ब्राह्मी, भाषा प्राकृत. सातवाहन राजा वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या कारकिर्दीचे १९ वे वर्ष, उन्हाळ्याचा दुसरा पंधरवडा, तेरावा दिवस, अशी त्याची मिती आहे. लेख कोरवून घेणारी स्त्री स्वतःची ओळख महाराजाची आई आणि महाराजाची आजी अशी करून देते. ती गौतमी बलश्री. हे लेणे तिने भद्रयानीय पंथाच्या भिक्षुसंघाला दान दिले आणि दानपत्रातच आपल्या मुलाची, गौतमीपुत्र सातकर्णीची, थोरवी नोंदवून ठेवली.

मराठी वाचकाला हा लेख माहीत असतो तो शक, यवन आणि पह्लव यांचा संहार आणि क्षहरात वंशाचा उच्छेद या वर्णनामुळे. गौतमीपुत्राच्या घोड्यांनी तीन समुद्रांचे पाणी प्यायल्याचा उल्लेखही बहुतेकांनी वाचलेला असतो. याच वर्णनात मात्र एक यादी आहे आणि ती सहसा वाचकाच्या नजरेतून निसटते. गौतमीपुत्र ज्यांचा ‘पती’, म्हणजे स्वामी होता, अशा पर्वतांची ती यादी आहे. संस्कृत वळणाने लिहायची तर ती अशी: विंध्य, ऋक्षवत, पारियात्र, सह्य, कृष्णगिरी, मच, सिरिटन, मलय, महेंद्र, श्वेतगिरी आणि चकोर.

हे अकरा पर्वत कोणते, ते कोठे आहेत आणि एका राजमातेने ते नाशिकच्या खडकावर का कोरवले? लेखाचे शब्द, त्याच डोंगरातले इतर लेख, पुराणांतल्या याद्या, नाणी आणि एका परदेशी भूगोलकाराचा ग्रंथ एवढी साधने या प्रश्नांसाठी हाताशी आहेत. त्यांच्या आधारे किती सांगता येते ते पाहू.

पाठ कसा हाती आला

१८५३ साली जॉन स्टीव्हन्सन यांनी नाशिकच्या लेखांचे वाचन मुंबईतल्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या शाखेच्या नियतकालिकात छापले. पुढे वेस्ट बंधूंनी नकला अधिक काळजीपूर्वक घेतल्या. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी १८७४ च्या लंडन येथील प्राच्यविद्या परिषदेसाठी याच लेखांवर निबंध लिहिला. १८८३ साली भगवानलाल इंद्रजींचे वाचन नाशिक जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये आणि ब्यूलर यांचे वाचन पश्चिम भारताच्या पुरातत्त्व अहवालात प्रसिद्ध झाले. एमिल सेनार यांनी १९०५-०६ मध्ये ‘एपिग्राफिया इंडिका’च्या आठव्या खंडात सगळे लेख पुन्हा संपादित केले. मराठीत वा. वि. मिराशी यांचा सातवाहन आणि पश्चिमी क्षत्रपांवरचा ग्रंथ १९७९ मध्ये आला. आज आपण जो पाठ वापरतो तो या सगळ्यांच्या कामावर उभा आहे.

पर्वतांच्या यादीपुरत्या या पाठात दोन अडचणी आहेत. पहिली अशी की सगळी नावे एकाच लांबलचक समासात आहेत आणि कोरणाऱ्याने शब्दांमध्ये जागा सोडलेली नाही. विंध्य आणि ऋक्षवत ही नावे तर संधी होऊन एकमेकांना चिकटली आहेत. ती सोडवता येतात, कारण दोन्ही पर्वत इतरत्र माहीत आहेत. ‘मचसिरिटन’ या अक्षरांना तो आधार नाही. अभ्यासक तिथे मच आणि सिरिटन असे दोन पर्वत मानतात आणि म्हणून यादी अकराची होते. कोणी ते एकच नाव मानले तर ती दहाची होईल.

दुसरी अडचण अनुस्वारांची. या लेखात ते पुष्कळ ठिकाणी गळालेले आहेत. मंदर पर्वत ‘मदर’ असा कोरला आहे आणि महेंद्राचे प्राकृत रूप ‘महिंद’ असायला हवे तिथे ‘महिद’ आहे. विंध्याचेही तेच, तो ‘विझ’ झाला आहे. त्यामुळे ‘मच’ हा पर्वत प्रत्यक्षात मंच असण्याची शक्यता मोकळी राहते. ज्याला हा डोंगर शोधायचा असेल त्याने दोन्ही रूपे मनात धरली पाहिजेत.

एकाच लेखातले तीन प्रकारचे डोंगर

लेखात पर्वत तीन ठिकाणी येतात आणि प्रत्येक ठिकाणी त्यांचे काम वेगळे आहे.

आधी गौतमीपुत्राचे सामर्थ्य हिमवत, मेरू आणि मंदर यांच्या तोडीचे असल्याचे म्हटले आहे. हे उपमेचे पर्वत. त्यांतला हिमवत म्हणजे हिमालय प्रत्यक्षातला आहे, मेरू विश्वाच्या मध्याशी कल्पिलेला आहे आणि मंदर समुद्रमंथनाच्या कथेतला आहे. यांवर राजाची सत्ता होती असे लेख म्हणतच नाही.

त्यानंतर येते ती स्वामित्वाची यादी. तिच्यात हिमवत नाही, मेरू नाही, मंदरही नाही. म्हणजे रचनाकाराने कल्पनेतला आणि तुलनेचा डोंगर एका बाजूला ठेवला आणि ज्यावर हक्क सांगायचा तो दुसऱ्या बाजूला. नुसती स्तुतीच करायची असती तर हिमालयाचे स्वामित्व द्यायला त्याला कोणी अडवले नव्हते. हा संयम लक्षात ठेवला तर पुढची नावे गांभीर्याने घ्यावी लागतात.

तिसरा डोंगर लेण्याचाच. लेखात त्याचे नाव तिरण्हु आहे, संस्कृतात त्रिरश्मी, आणि त्याच्या शिखराला कैलासाच्या शिखराची उपमा दिली आहे. समुद्रसपाटीपासून मोजली तरी या टेकडीची उंची एक हजार मीटरच्या आतबाहेरच आहे. पण दानपत्राच्या दृष्टीने सगळ्यांत महत्त्वाचा डोंगर हाच आहे, कारण दान याच्या पोटात आहे.

सहा उसने, पाच स्वतःचे

आता अकरा नावांची पुराणांतल्या कुलपर्वतांशी तुलना करू. भारतवर्षात सात कुलपर्वत आहेत ही कल्पना विष्णु, वायु, मार्कंडेय अशा अनेक पुराणांत आणि महाभारताच्या भीष्मपर्वात येते. नावे ठरलेली आहेत: महेंद्र, मलय, सह्य, शुक्तिमान, ऋक्ष, विंध्य, पारियात्र. या सातांपैकी सहा नाशिकच्या लेखात आहेत. शुक्तिमान तेवढा नाही.

क्रमही पाहण्यासारखा आहे. पुराणांची यादी पूर्वेच्या महेंद्रापासून निघते, दक्षिणेच्या मलयाकडे जाते, पश्चिमेच्या सह्यावरून वर येते आणि विंध्य-पारियात्रापाशी उत्तरेत संपते. म्हणजे ती प्रदक्षिणेच्या दिशेने फिरते. नाशिकची यादी विंध्य, ऋक्षवत आणि पारियात्र या उत्तरेच्या तिघांपासून निघते, सह्यावरून दक्षिणेत मलयाकडे उतरते आणि तिथून पूर्वेला महेंद्राकडे वळते. रस्ता तोच, दिशा उलटी. उत्तरेच्या तिघांचा आपसातला क्रम सोडला तर दोन्ही याद्या एकमेकींच्या उलट बाजूंनी वाचल्यासारख्या दिसतात.

यावरून बलश्रीच्या रचनाकाराने एखादे पुराण समोर ठेवले होते असे म्हणता येणार नाही. पुराणांचे आज उपलब्ध असलेले पाठ बरेच पुढे सिद्ध झालेले आहेत. एवढे म्हणता येते की देशाचे मोठे पर्वत कोणते आणि ते कोणत्या ओळीने सांगायचे याची एक ठरलेली शिकवण त्या काळी प्रचलित होती. पुराणांनी ती घेतली आणि नाशिकच्या रचनाकारानेही घेतली.

मग उरतात ती पाच नावे: कृष्णगिरी, मच, सिरिटन, श्वेतगिरी, चकोर. ही कुलपर्वतांत नाहीत. रचनाकाराने ती आपल्या माहितीतून घातली आहेत आणि ती कुठे घातली तेही पाहिले पाहिजे. तीन नावे सह्य आणि मलय यांच्या मध्ये आहेत. दोन महेंद्राच्या नंतर आहेत. उत्तरेच्या विंध्य, ऋक्षवत, पारियात्र या गटात एकही स्थानिक नाव नाही. उत्तरेबद्दल रचनाकार शिकलेले सांगतो. दक्षिणेबद्दल त्याच्याकडे सांगण्यासारखे स्वतःचे काही आहे. सातवाहनांचे घर कोणत्या बाजूला होते याचा हा यादीतच दडलेला पुरावा आहे.

कोणता पर्वत कोठे

जुन्या पर्वतांची जागा ठरवण्याचे भरवशाचे साधन म्हणजे नद्या. पुराणे कोणत्या पर्वतातून कोणत्या नद्या निघतात ते सांगतात आणि नद्यांची नावे डोंगरांच्या नावांपेक्षा चिवटपणे टिकतात.

सह्याबद्दल वाद नाही. गोदावरी, भीमरथी, कृष्णवेणी आणि तुंगभद्रा त्यातून निघतात असे पुराणे सांगतात, तेव्हा तो आपला सह्याद्री. गोदावरीचा उगम त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर, म्हणजे या लेण्यापासून जवळच आहे. मलयातून ताम्रपर्णी निघते. ही नदी तमिळनाडूच्या तिरुनेलवेली भागात आजही त्याच नावाने वाहते. म्हणून मलय म्हणजे पश्चिम घाटाचा दक्षिणेकडचा, केरळ-तमिळनाडू सीमेवरचा भाग. आज आपण तापीपासून कन्याकुमारीपर्यंत एकच रांग समजतो. त्या काळच्या भूगोलात तिचे सह्य आणि मलय असे दोन पर्वत होते.

पारियात्रातून चर्मण्वती, म्हणजे चंबळ निघते. त्यामुळे तो विंध्याचा पश्चिम भाग आणि त्याला लागून असलेला अरवलीचा मुलूख ठरतो. ऋक्षवताच्या बाबतीत पुराणांतच मतभेद आहेत. विष्णुपुराण नर्मदा विंध्यातून आणि तापी ऋक्षातून निघते असे सांगते, तर वायुपुराणात हे उलटे आहे. त्यामुळे कोणी ऋक्षवत सातपुड्यात पाहतात, तर कोणी नर्मदा-शोणच्या उगमाकडच्या डोंगरांत. दोन्ही मतांत तो नर्मदेच्या खोऱ्याला धरून आहे, आणि आपल्या कामाला तेवढे पुरते.

महेंद्र नावाचे दोन डोंगर आहेत. एक ओडिशाच्या गजपती जिल्ह्यात, आंध्रच्या सीमेजवळ, १५०१ मीटर उंचीचा महेंद्रगिरी. दुसरा तमिळनाडूच्या दक्षिण टोकाला. इस्रोचे रॉकेट-इंजिनांच्या चाचण्यांचे केंद्र आहे ते महेंद्रगिरी हेच. नाशिकच्या यादीत महेंद्र लगेच मलयानंतर येतो, त्यामुळे दक्षिणेकडचा का नको, असे कोणी विचारू शकेल. पण कुलपर्वतांतल्या महेंद्रातून पुराणे ऋषिकुल्या नदी काढतात आणि ती ओडिशात आहे. कुलपर्वतांच्या ओळीत बसलेला महेंद्र म्हणून पूर्व घाटाचाच मानणे योग्य.

कृष्णगिरी, लेखातला ‘कण्हगिरी’, म्हणजे बोरिवलीजवळचे कान्हेरी, असे बहुतेक अभ्यासक मानतात. कान्हेरीच्या लेण्यांतल्या लेखांत त्या डोंगराला कण्हसेल म्हटले आहे आणि पुढच्या शतकांतल्या लेखांत कृष्णगिरी. विंध्य आणि सह्य यांच्या पंगतीला साष्टी बेटावरची ही टेकडी कशी आली? उंचीच्या हिशेबाने ती बसत नाही. पण तिथे मोठा बौद्ध विहार होता आणि सोपारा, कल्याण ही अपरान्ताची बंदरे हाकेच्या अंतरावर होती. बौद्ध संघाला दिलेल्या दानपत्रात कान्हेरीचे नाव येण्याला एवढे कारण पुरेसे आहे. यावरून असेही दिसते की रचनाकाराच्या स्वतःच्या पाच नावांत पर्वतरांगाच असतील असे नाही. मच, सिरिटन आणि श्वेतगिरी हेही कान्हेरीसारखे लहान पण नावाजलेले डोंगर असू शकतात.

चकोर मात्र इतरत्र भेटतो. पुराणांतल्या सातवाहनांच्या वंशावळीत गौतमीपुत्राच्या थोडा आधी एका राजाचे नाव चकोर सातकर्णी आहे. बाणभट्टाच्या ‘हर्षचरिता’त चकोराच्या अधिपतीचा, चंद्रकेतूचा, उल्लेख येतो. म्हणजे चकोर हा मुलूख म्हणून सातव्या शतकातही लोकांच्या आठवणीत होता. यादीची दिशा शेवटपर्यंत पाळली गेली असेल तर श्वेतगिरी आणि चकोर पूर्वेकडे शोधायला हवेत, तर मच आणि सिरिटन कान्हेरीपासून मलयापर्यंतच्या पट्ट्यात.

‘राजा’ आणि ‘पती’

पर्वतांच्या अलीकडेच लेखात देशांची यादी आहे: असिक, अश्मक, मूलक, सुराष्ट्र, कुकुर, अपरान्त, अनूप, विदर्भ, आकर, अवंती. या दहा देशांचा गौतमीपुत्र ‘राजा’ आहे. पर्वतांचा तो ‘पती’ आहे. दोन्ही याद्या शेजारी ठेवल्या की त्यांतला फरक उघड होतो.

देश सगळे एका सलग पट्ट्यात आहेत. पैठणच्या आसपासचा मूलक, गोदावरीच्या खालच्या अंगाचा अश्मक, उत्तर कोकणाचा अपरान्त, माहिष्मतीचा अनूप, माळव्यातले आकर आणि अवंती, आणि सौराष्ट्र. यांत केरळ नाही, तमिळ देश नाही, कलिंगही नाही. पर्वतांची यादी मात्र मलयापर्यंत आणि महेंद्रापर्यंत जाते. दोन्ही याद्या एकाच हद्दीच्या असत्या तर देशांत पांड्य, चोळ, कलिंग यांपैकी कोणी तरी आला असता. तेव्हा पर्वतांचा घेर देशांच्या घेरापेक्षा मोठा आहे आणि तो जाणूनबुजून मोठा ठेवलेला आहे.

बाहेरचा पुरावाही देशांच्या बाजूचा आहे. गुजरातेत जुनागढला महाक्षत्रप रुद्रदामनचा लेख आहे. शकसंवताचे ७२ वे वर्ष, म्हणजे इ.स. १५० ही त्याची मिती. त्यात रुद्रदामनच्या ताब्यातल्या देशांत आकर-अवंती, अनूप, सुराष्ट्र, कुकुर आणि अपरान्त ही नावे आहेत. दक्षिणापथाच्या सातकर्णीला आपण दोनदा हरवले असेही तो सांगतो. म्हणजे गौतमीपुत्राच्या दहा देशांतला निम्मा मुलूख पुढे क्षत्रपांकडे गेला. जे हातातून जाते ते आधी हातात असावे लागते. देशांची यादी खरी होती, हे शत्रूच्या लेखावरून कळते. मलयाच्या आणि महेंद्राच्या मुलखातून मात्र सातवाहनांच्या सत्तेचा असा कोणताही पुरावा पुढे आलेला नाही.

तरीही प्रशस्ती म्हणजे पोकळ बढाई असे समजायला जागा नाही. क्षहरातांच्या उच्छेदाची गोष्ट लेखात आहे आणि तिची साक्ष १९०६ साली सिन्नर तालुक्यात, गोदावरी आणि दारणेच्या संगमाजवळच्या जोगलटेंभी गावी जमिनीतून निघाली. तिथे क्षहरात क्षत्रप नहपानाची तेरा हजारांवर चांदीची नाणी सापडली आणि त्यांतल्या दोन तृतीयांशांहून जास्त नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला ठसा पुन्हा मारलेला होता. ही विजयाची नोंद धातूवर आहे आणि नाशिकच्याच मुलखात मिळालेली आहे.

पूर्वेकडच्या नावांबद्दल एक शक्यता विचारात घ्यावी लागते. पुळुमावीचा लेख आंध्रातल्या अमरावतीच्या स्तूपावर आहे. त्याच्या काळात सातवाहनांची सत्ता कृष्णेच्या खालच्या खोऱ्यापर्यंत पोहोचली होती. बलश्रीचा लेख नातवाच्या १९ व्या वर्षाचा आहे. आजी मुलाचे गुण गाते आहे, पण तिच्या डोळ्यांसमोरचे राज्य नातवाचे आहे. श्वेतगिरी आणि चकोर पूर्वेकडचे असतील तर ती नावे या वाढलेल्या राज्यातून आलेली असू शकतात. बापलेक एकाच वेळी राज्य करत होते असे भांडारकरांचे मत होते. ते आज सहसा स्वीकारले जात नाही. पण लेखात दोन पिढ्यांचा काळ एकमेकांत मिसळला आहे ही त्यांनी टिपलेली गोष्ट महत्त्वाची होती.

त्याच डोंगरात नद्यांची यादी

तिसऱ्या लेण्यापासून थोड्याच अंतरावर दहावे लेणे आहे. ते नहपानाचा जावई उषवदात याने कोरवले. सातवाहनांनी ज्या घराण्याला संपवले त्याच घराण्याचा हा लेख. उषवदाताची दाने मोठी आहेत. त्याने भरुकच्छ, दशपूर, गोवर्धन आणि सोपारा येथे धर्मशाळा बांधल्या आणि इबा, पारदा, दमणा, तापी, करबेणा आणि दहाणुका या नद्यांवर फुकट होड्यांची सोय केली. पुष्करला जाऊन त्याने स्नान केले. या लेखात पर्वत एकच आहे, तो म्हणजे त्रिरश्मी. बाकी सगळा भूगोल नद्या, उतार, घाट आणि बंदरे यांचा आहे.

यातल्या पार आणि दमणगंगा नाशिक जिल्ह्यातल्याच सह्याद्रीत उगम पावतात आणि पश्चिमेला समुद्राला मिळतात. उषवदाताने त्यांच्या पाण्यावरून जाणारी वाट सांगितली. बलश्रीने तो पर्वत सांगितला ज्यातून असले पाणी निघते. एक लेख दानांचा हिशेब आहे आणि दुसरा प्रशस्ती, म्हणून तुलना ताणू नये. तरी किनाऱ्याच्या व्यापारावर उभे असलेले क्षत्रप मुलूख नद्यांनी मोजतात आणि पठारावरून घाटांवर नजर ठेवणारे सातवाहन तो पर्वतांनी मोजतात, हे दोन्ही घराण्यांच्या बैठकीला धरूनच आहे. जुन्नरजवळच्या नाणेघाटातल्या, याआधीच्या सातवाहन लेखातही पृथ्वीला समुद्राचा आणि श्रेष्ठ पर्वतांचा वेढा असल्याचे म्हटले आहे. तिथे पर्वतांची नावे नाहीत. नावे पुढे नाशिकला आली.

एक सावधगिरी इथेच सांगितली पाहिजे. उषवदाताच्या लेखात ‘मलय’ पळाल्याची हकीकत आहे. ते लोक आहेत, राजस्थानातले मालव. बलश्रीच्या लेखातला मलय पर्वत आहे. एकाच डोंगरात दोन लेण्यांत आलेली ही दोन नावे एकत्र केली तर नकाशा हजार मैलांनी चुकतो.

अलेक्झांड्रियातली यादी

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या मध्याला इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात टॉलेमी नावाचा विद्वान जगाचा भूगोल लिहीत होता. तो भारतात आला नव्हता. खलाशी आणि व्यापाऱ्यांकडून आलेली माहिती घेऊन तो प्रत्येक ठिकाणाचे रेखांश-अक्षांश मांडत होता. पैठणला पुळुमावी राज्य करतो आणि उज्जैनला चष्टन, हे त्याला ठाऊक आहे. त्याच्या गावांच्या यादीत नासिक आहे. आणि गंगेच्या अलीकडच्या भारतात त्याने सात पर्वत दिले आहेत: अपोकोपा, सार्डोनिक्स, विंदियन, बेटिगो, अदिसाथ्रोन, उक्सेंटोन आणि ओरुदियन.

विंदियन म्हणजे विंध्य यात शंका नाही. उक्सेंटोनमध्ये ऋक्षवत आणि बेटिगोमध्ये मलयाचा पोदिगै भाग अभ्यासकांना दिसतो. बाकीच्या नावांवर चर्चा चालू आहे. टॉलेमीकडे आकडे आहेत, नाशिकच्या लेखात एकही नाही. पण आकडे असूनही त्याने भारताचे द्वीपकल्प असे चपटे केले आहे की पश्चिम किनारा जवळजवळ पूर्व-पश्चिम पसरतो. नाशिकच्या यादीला आकड्यांचा आधार नाही आणि तरी ती उत्तर, पश्चिम, दक्षिण, पूर्व या क्रमाने बरोबर फिरते. लांबून मापे घेणारा फसला आणि आत राहणाऱ्याने नुसत्या क्रमाने दिशा सांभाळली.

पर्वतांचा स्वामी आणि ओसाड शेत

याच तिसऱ्या लेण्यात गौतमीपुत्राचे स्वतःचे दोन आदेशही कोरलेले आहेत. १८ व्या वर्षी तो गोवर्धनच्या अमात्य विष्णुपालिताला कळवतो की अपर-कखडी गावातले, पूर्वी उषवदाताकडे असलेले २०० निवर्तने शेत त्रिरश्मीच्या भिक्षूंना द्यावे. सहा वर्षांनी, २४ व्या वर्षी, राजा आणि राजमाता यांच्या नावाने अमात्य श्यामकाला दुसरा आदेश निघतो. कखडीचे शेत कोणी कसत नाही, गावात वस्ती नाही, म्हणून त्याऐवजी नगराच्या शिवेवरचे १०० निवर्तने शेत द्यावे. पुळुमावीच्या २२ व्या वर्षाच्या आदेशातही एक दिलेले गाव बदलून सामलिपद हे दुसरे गाव दिलेले दिसते.

हे दोन्ही प्रकारचे लेख एकाच ओसरीत आहेत आणि ते एकमेकांच्या सोबतीने वाचले पाहिजेत. जमिनीच्या आदेशात अधिकाऱ्याचे नाव, गाव, क्षेत्र आणि अडचण सगळे नेमके आहे, कारण त्यावर भिक्षूंचे पोट अवलंबून होते. पर्वतांच्या यादीत असे काही नाही, कारण तिच्यावर वसुली होत नव्हती. पर्वत हा राज्याच्या दिगंताचा उल्लेख होता आणि निवर्तन हे राज्याच्या कारभाराचे माप.

निष्कर्ष असा. नाशिकची पर्वतयादी सातवाहन राज्याची हद्द नव्हे आणि तिच्यावरून मलयापासून महेंद्रापर्यंतचे साम्राज्य रंगवणारे नकाशे पुराव्यापेक्षा जास्त बोलतात. ती थापही नव्हे. तिच्यातली सहा नावे त्या काळच्या भूगोलाची शिकवण सांगतात आणि पाच नावे सातवाहनांच्या स्वतःच्या ओळखीचा मुलूख सांगतात. इतिहासाला अधिक उपयोगी आहेत ती ही पाच, आणि त्यांपैकी एकच, कान्हेरी, बऱ्यापैकी निश्चित झाली आहे. उरलेली चार शोधायची तर प्रशस्त्यांत नव्हे, तर दानलेखांत, ताम्रपटांत आणि घाटमाथ्यावरच्या गावांच्या जुन्या दफ्तरांत शोधावी लागतील. सह्याद्री पायाखाली घालणाऱ्या आणि जुनी कागदपत्रे वाचणाऱ्या मराठी अभ्यासकांनी हे काम हाती घ्यावे.